सीमाभागात देवऋषीकडे जायचे असेल तर

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी, हुक्केरी या पट्ट्यात घरात एखादे दुखणे लांबले, मूल रात्री-अपरात्री दचकून उठू लागले, लागोपाठ जनावरे दगावली किंवा जमलेले लग्न मोडले, की घरातील कुणीतरी वडीलधारे माणूस म्हणतेच, ‘एकदा बघून घेऊया.’ हे बघून घेण्यासाठी ज्याच्याकडे जायचे त्याला कुठे देवऋषी म्हणतात, कुठे भगत, कुठे जाणता, तर कुठे नुसतेच ‘बघणारा’. अलीकडे पुण्या-मुंबईकडील काही प्रवासीही मनाला आराम पडावा म्हणून या भागात येतात आणि येताना ‘शामान’ हा वाचलेला शब्द बरोबर घेऊन येतात. तो शब्द सायबेरियातील तुंगूस भाषांमधला असून तिकडच्या परंपरेला तो शोभतो. आमच्याकडील देवऋषी बहुधा शेतकरी, धनगर किंवा मोलमजुरी करणारा माणूस असतो. आठवड्यातील ठरावीक वारीच तो देवाच्या कामाला बसतो आणि बाकीचे दिवस आपल्या संसारात असतो. त्याच्याकडे जाणे म्हणजे कुणाच्या तरी देवघरात पाहुणा म्हणून शिरणे आहे. मी याच भागात वाढले, आजीचे बोट धरून अशा घरांच्या ओट्यावर पुष्कळ बसले, तेथे माणसे सावरलेली पाहिली आणि एक घर मोडलेलेही पाहिले. त्या अनुभवावरून या सूचना लिहीत आहे.

कोणाच्या दारात जायचे

हा प्रश्न आधी सोडवावा, कारण चुकीच्या दारात प्रश्न घेऊन उभे राहिल्यामुळेच नवख्या माणसाची बहुतेक निराशा होते.

खानापूर तालुक्याच्या पश्चिमेकडील डोंगराळ गावांत आणि त्याला लागून असलेल्या चंदगड भागात ग्रामदेवतेपुढे गाऱ्हाणे घालून कौल लावण्याची पद्धत आहे. गुरव किंवा पुजारी आलेल्याचे म्हणणे देवापुढे मोठ्याने मांडतो, मूर्तीच्या उजव्या-डाव्या अंगाला ओल्या कळ्या, पाकळ्या किंवा तांदळाचे दाणे लावतो, आणि कोणत्या बाजूचे आधी खाली पडते याकडे सारे टक लावून बसतात. उजवा कौल सर्वसाधारणपणे होकार मानला जातो. येथे कुणाच्या अंगात यावे लागत नाही. ‘हे काम हाती घेऊ की नको’ अशा स्वरूपाचा प्रश्न असेल आणि मन दोन्हीकडे ओढत असेल, तर कौल पुरेसा आहे. माझ्या मते नवख्या प्रवाशाने सुरुवात येथूनच करावी, कारण सगळे गावासमोर, उघड्यावर घडते आणि खर्च नारळ-फुलांपलीकडे सहसा जात नाही.

सौंदत्तीच्या डोंगरावरील रेणुका-यल्लम्माचे स्थान निराळे आहे. पतीच्या शापाने अंगावर व्याधी घेऊन रानोमाळ फिरणाऱ्या रेणुकेला दोन साधू भेटतात, तळ्यात स्नान करायला आणि घरोघर तांदूळ मागायला सांगतात, त्यातील अर्धा वाटा देऊन उरलेला गुळाबरोबर शिजवून खाल्ल्यावर ती बरी होते, अशी तिची कथा सांगितली जाते. देवी स्वतः दुखण्यातून उठलेली आहे, म्हणून दुखणाईत माणसाला ती आपली वाटते. भाविक आजही आधी जोगुळभावीला स्नान करून मग डोंगर चढतात. या देवीच्या सेवेतील जोगती आणि जोगप्पा डोक्यावर जग घेऊन, म्हणजे टोपलीत बसवलेली देवीची मूर्ती घेऊन, चौंडक्याच्या तालावर गाणी म्हणत फिरतात, परडीत जोगवा घेतात आणि कपाळाला भंडारा लावतात. जोगप्पा पुरुषाच्या देहाने जन्मलेले आणि देवीच्या सेवेत साडी नेसलेले असतात. त्यांच्याशी बोलताना ‘अक्का’ किंवा ‘अम्मा’ म्हणावे आणि त्यांच्या शरीराविषयी कुतूहलाचा एक शब्दही विचारू नये. कर्नाटकातील मंजम्मा जोगती यांना २०२१ साली पद्मश्री जाहीर झाली, तेव्हा या परंपरेकडे पाहण्याची शहरी नजर थोडी बदलली. ती आणखी बदलायला हवी. मात्र नवस म्हणून मुलगी देवीला सोडण्याची गोष्ट कुणी काढली, तर तेथून उठावे आणि पोलिसांना कळवावे. कर्नाटकात १९८२ च्या कायद्याने ही प्रथा बंद केलेली आहे.

निपाणी तालुक्यातील आप्पाचीवाडी-कुर्ली येथे हालसिद्धनाथाच्या यात्रेत, दिवाळीच्या आधीच्या दिवसांत, भाकणूक होते. भंडाऱ्याने पिवळ्या झालेल्या गर्दीत, ढोलांच्या गजरात, नाथाचा संचार झालेला माणूस पाऊस-पाणी, पिके, महागाई, राजकारण यांविषयी बोलतो आणि हजारो लोक ते ऐकून घेतात. ही साऱ्या मुलुखासाठी सांगितलेली वाणी असते. तेथे आपल्या गुडघेदुखीचा प्रश्न विचारायला जाऊ नये, परंतु अंगात येणे ही गोष्ट ज्यांनी कधी पाहिलेली नाही त्यांनी ती आधी अशा सार्वजनिक ठिकाणी पाहावी. पुढे एखाद्या लहानशा खोलीत चार हातांवर कुणी घुमू लागले तर त्यांना घाबरायला होणार नाही.

यानंतर येतो तो घरी बसणारा देवऋषी. ज्याच्या अंगात देवीचे, बिरोबाचे किंवा एखाद्या नाथाचे वारे येते, जो मूठभर दाण्यांवरून किंवा पानावरून बघतो, अंगारा देतो, उतारा सांगतो, दृष्ट काढतो, तो हा. पुढील बहुतेक सूचना त्याच्यासंबंधी आहेत. झाडपाला देणारा वैदू हा आणखी वेगळा; त्याच्याविषयी ओघात सांगेन.

कोणते दुखणे न्यावे

देवऋषीकडे नेण्याजोगी दुखणी असतात, असे मी मनापासून मानते. माझा काका तरुणपणी गेला, त्यानंतर आजी दोन वर्षे नीट जेवली नाही. शेजारच्या गावातील एका अज्जांकडे तिला नेले. त्यांनी कुणाला दोष दिला नाही, काही मोठे विधी सांगितले नाहीत. दर मंगळवारी ओंजळभर तांदूळ घेऊन स्वतःच्या पायांनी चालत यायचे, एवढेच सांगितले. ती येई, तेव्हा ते पहिला प्रश्न ‘जेवलीस का, अव्वा?’ असा विचारीत आणि तिचे बोलणे संपेपर्यंत मध्ये तोंड उघडत नसत. कपाळाला अंगारा लागला की ती परत निघे, आणि वाटेत तिच्यासारख्याच दोन-तीन बायका भेटत. वर्षभरात ती माणसांत आली. शोक, अपराधी वाटणे, नकळत मनात बसलेली भीती, घरातील न बोलता येणारी धुसफूस अशा गोष्टींना चांगला देवऋषी एक नाव देतो, एक दिवस ठरवून देतो, सोबत चार माणसे बसवतो आणि ‘आता हे संपले’ असे म्हणण्याचा अधिकार देवाच्या नावाने वापरतो. त्याची खरी विद्या ही आहे.

याउलट साप, विंचू किंवा कुत्रा चावला असेल, छातीत दुखत असेल, ताप उतरत नसेल, झटके येत असतील, गरोदर बाईला त्रास होत असेल किंवा तान्हे मूल दूध ओढत नसेल, तर देवऋषीच्या दारावरून गाडी पुढे न्यावी आणि सरकारी दवाखान्यातच थांबवावी. कर्नाटकातही रुग्णवाहिकेसाठी १०८ हाच क्रमांक आहे. खानापूरच्या रानपट्ट्यात ही गोष्ट विशेष महत्त्वाची आहे. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे यांच्या विषावर दवाखान्यातील प्रतिविषाखेरीज उतार नाही. मंत्राने विष उतरल्याच्या ज्या कथा आपण ऐकतो, त्यांतील साप बहुतेक वेळा बिनविषारी असतो किंवा विषारी सापाने चावताना विष सोडलेलेच नसते. मण्याराच्या दंशाची तर खूणही पुष्कळदा दिसत नाही, म्हणून ‘काही नाही, उतरवून घेऊ’ असे म्हणण्यात रात्र जाते आणि पहाटे श्वास अडकतो. कुत्रा चावल्यावर जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटे धुवावी आणि त्याच दिवशी लस सुरू करावी. रेबीजची लक्षणे दिसू लागल्यावर माणूस जवळजवळ कधीच वाचत नाही.

काविळीविषयी थोडे अधिक सांगते, कारण ‘कावीळ उतरवणे’ या भागात फार चालते. हात चुन्याच्या पाण्यात धुतले की पाणी पिवळे होते आणि रोग बाहेर पडला असे वाटते. आंब्याच्या झाडाच्या सालीचा रस आधी हाताला लागलेला असला की चुन्याच्या पाण्याला तो रंग येतो. निरोगी माणसाच्या हातालाही येतो. दूषित पाण्यातून झालेली कावीळ बहुतेकांची काही आठवड्यांत आपोआप बरी होते, त्यामुळे उतरवणाऱ्याला यश मिळते. परंतु गरोदरपणातील कावीळ जिवावर बेतू शकते, आणि प्रत्येक कावीळ पाण्यातूनच होते असेही नाही. रक्ताची तपासणी करून मग हवे तर हात धुवावेत.

मन थाऱ्यावर नसणे, कानात आवाज येणे, जीव द्यावासा वाटणे यांसाठी देवऋषीकडे जायला माझी हरकत नाही, पण फक्त त्याच्याकडे जायला आहे. धारवाडची मानसिक आरोग्य संस्था या भागाला जवळ आहे आणि ‘टेलिमानस’ या सरकारी मानसिक मदतसेवेच्या १४४१६ या क्रमांकावर फुकट बोलता येते. चालू असलेल्या गोळ्या कोणत्याही देवाच्या सांगण्यावरून बंद करू नयेत. जो देवऋषी ‘डॉक्टरांचे औषधही घे आणि हा अंगाराही लाव’ असे म्हणतो, तो जाणता. जो औषध सोडायला सांगतो, त्याच्याकडे दुसऱ्यांदा जाऊ नये.

माणूस कसा शोधावा

फोनवरील जाहिरात, बसमध्ये चिकटवलेला कागद, ‘चोवीस तासांत गुण’ असा फलक यांवरून कुणाकडेही जाऊ नये. रोग जादूने बरा करण्याच्या जाहिरातींवर १९५४ पासून कायद्याने बंदी आहे, म्हणजे फलक लावणारा सुरुवातीलाच कायदा मोडून बसलेला आहे. चांगल्या देवऋषीचे नाव किराणा दुकानात, दूध डेअरीवर, अंगणवाडीच्या बाईंकडून कळते. त्या गावातील दोन वेगवेगळ्या घरांत चौकशी करावी, आणि त्यातील एक घर बाईमाणसाचे असावे, कारण ज्याच्याविषयी पुरुष आदराने बोलतात आणि बायका गप्प बसतात, त्याच्याकडे जाण्यात धोका असतो. तो कोणत्या वारी बसतो, किती मागतो, याआधी कुणाला काय सांगितले, हे मोकळेपणाने विचारावे. गावाला या विचारण्याचा राग येत नाही.

बरोबर दोन्ही भाषा येणारे माणूस असलेच पाहिजे. या भागात वारे आलेला माणूस एक वाक्य मराठीत आणि पुढचे कन्नडमध्ये बोलतो. सौंदत्ती, रायबाग, गोकाककडे तर बहुतेक बोलणे कन्नडमध्येच होते. अर्धवट समजलेल्या वाक्यावरून पाहुण्यांनी भलताच अर्थ काढून घरी भांडणे नेल्याचे मी पाहिले आहे. भाषांतर करणाऱ्याला आधीच बजावावे, की जेवढे बोलले जाईल तेवढेच सांगावे, मनाचे घालू नये.

दिवस आणि वाट

देवीच्या ठिकाणी मंगळवार-शुक्रवार, जोतिबा-बिरोबाच्या ठिकाणी रविवार, आणि बहुतेक देवऋषींकडे अमावास्या-पौर्णिमा हे बसण्याचे दिवस असतात. अमावास्येला रांग लागते आणि प्रत्येकाच्या वाट्याला चार-पाच मिनिटे येतात, म्हणून पहिल्या भेटीसाठी साधा मंगळवार बरा. माघातील चिंचलीच्या मायाक्काची यात्रा, मार्गशीर्ष आणि चैत्रातील सौंदत्तीच्या यात्रा या पाहण्यासाठी जरूर जावे. महाराष्ट्रातून बैलगाड्या घेऊन चिंचलीला येणारी माणसे हे एक मोठे दृश्य आहे, पण त्या गर्दीत निवांतपणे गाऱ्हाणे सांगता येणार नाही.

चिंचलीला मिरज-बेळगाव लोहमार्गावर स्थानक आहे. सौंदत्तीला रेल्वे नाही. बेळगाव किंवा धारवाडहून बसने जावे लागते आणि बसवरील पाटी बहुधा कन्नडमध्येच असते, म्हणून ‘यल्लम्मन गुड्डा’ असे वाहकाला विचारावे. आप्पाचीवाडीला निपाणीहून जाणे सोपे, आणि निपाणी कोल्हापूरहून महामार्गाने सुमारे ४० किलोमीटरवर आहे. सीमाप्रश्नावरून वातावरण तापले की दोन्ही राज्यांच्या बस काही दिवस हद्दीवर थांबतात, तेव्हा निघण्याच्या आदल्या दिवशी आगाराला फोन करून घ्यावा. पावसाळ्यात, विशेषतः कणकुंबीच्या बाजूला, आडवाटेच्या गावांना जाणे टाळावे. तेथील पाऊस पाहिलेल्याला कारण सांगावे लागणार नाही.

देवघरात

स्नान करून, हलके खाऊन, साध्या सुती कपड्यांत जावे. चामड्याचा पट्टा आणि पाकीट पिशवीत ठेवावे, चपला बाहेर काढाव्यात. बरोबर एक नारळ, पाच पानांचा विडा, सुपारी, हळद-कुंकू, उदबत्ती, मूठभर तांदूळ आणि देवी असेल तर खण न्यावा. काही घरांत पाळी, सोयर, सुतक यांचे नियम पाळले जातात. ते पटत नसतील तर तेथे वाद घालण्यापेक्षा दुसरा दिवस किंवा दुसरे ठिकाण निवडावे. वयस्क पुरुषाला ‘अज्जा’ किंवा ‘मामा’, बाईला ‘अक्का’ किंवा ‘आई’ म्हणावे. महाराज, गुरुजी असे शब्द आपण होऊन वापरू नयेत, त्यांनी नाते उगाच उंचावर जाते.

मोबाइल बंद करून खिशात ठेवावा. वारे आलेल्या माणसाचे चित्रीकरण करणे म्हणजे तो स्वतःच्या ताब्यात नसताना त्याला जगासमोर ठेवणे आहे, आणि तेथे बसलेल्या इतर दुखणाईत माणसांचे तोंड त्यात येते ते वेगळेच. फोटो हवाच असेल तर दुसऱ्या दिवशी, तो शुद्धीवर आणि स्वतःच्या अंगणात असताना, विचारून काढावा.

आपली पाळी आली की दुखणे एका वाक्यात सांगावे: ‘सहा महिने झोप लागत नाही.’ एवढे बोलून थांबावे. सासू कशी आहे, भावाशी वाटणी झाली का, शेजारी कोण राहते, हे आपण होऊन सांगू नये. त्यातूनच पुढे नको ती गोष्ट तयार होते. दुसऱ्या कुणाचा फोटो, केस, नखे, वापरलेला कपडा बरोबर नेऊ नये आणि मागितला तर देऊ नये. त्याची परीक्षा पाहण्यासाठी खोटे दुखणेही सांगू नये. आपल्या मागे बसलेल्या बाईचे दुखणे खरे आहे आणि आपण तिचा वेळ घेत आहोत, हे लक्षात असावे.

घुमणारा माणूस मोठ्याने हुंकारेल, दात खाईल, डोळे फिरवील. त्यात आपल्याला इजा नाही. तो भंडारा उधळील, तेव्हा डोळे मिटून घ्यावेत. भंडारा कपाळाला लावावा, जिभेवर चिमूटभर ठेवणे टाळता आले तर टाळावे, कारण बाजारात यात्रेसाठी खुल्या विकल्या जाणाऱ्या पिवळ्या भुकटीत निव्वळ हळदच असेल याची खात्री नसते. अंगाराही बाहेरूनच लावावा.

एकट्या स्त्रीला बंद खोलीत नेणे, रात्री थांबायला सांगणे, अंगावरचे कपडे उतरवायला सांगणे यांपैकी कोणतीही गोष्ट या परंपरेत आवश्यक नाही. तसे कुणी म्हटल्यास लाज किंवा भीड न बाळगता उठावे. बांधणे, कोरड्याने मारणे, मिरचीची धुरी देणे, बिब्ब्याचा किंवा तापलेल्या लोखंडाचा चटका देणे हेही सहन करू नये, आणि मुलांच्या बाबतीत तर एक क्षणही नाही. भूत उतरवण्याच्या नावाखाली असे छळ करणे कर्नाटकाच्या २०१७ च्या कायद्याने गुन्हा आहे. तो जानेवारी २०२० पासून लागू झाला, आणि कमीत कमी एक वर्षापासून सात वर्षांपर्यंत कैद व पाच ते पन्नास हजार रुपये दंड अशी शिक्षा त्यात आहे. पुष्कळांना वाटते की या कायद्याने देवदेवस्कीच बंद केली, तसे नाही. यात्रा, प्रदक्षिणा, कीर्तन यांना त्यात मनाई नाही. देवळाच्या आवारात पशुबळी देण्यावर मात्र कर्नाटकात १९५९ पासून बंदी आहे, तेव्हा कोंबडे-बकऱ्याचा नवस सांगितला तर नारळावर भागवावे. मी विचारलेल्या प्रत्येक देवऋषीने ते मान्य केले आहे.

नाव घेतले गेले तर

या साऱ्या सूचनांतील एकच लक्षात ठेवायची असेल तर ही ठेवावी. ‘कुणी केले?’ असे विचारू नये, आणि न विचारता सांगितले जाऊ लागले तर हात जोडून थांबवावे.

मी नऊ-दहा वर्षांची असताना आमच्या गल्लीतील एका मुलाचा ताप महिनाभर हटला नाही. त्याच्या घरचे लांबच्या एका बघणाऱ्याकडे गेले. त्याने कुणाचेही नाव घेतले नाही. ‘उत्तरेकडच्या दारातली बाई’ एवढेच म्हणाला. त्या घराच्या उत्तरेला एकच दार होते. मुलाला पुढे बेळगावच्या दवाखान्यात नेले, टायफॉइड निघाला, औषधाने तो खडखडीत बरा झाला. परंतु त्या बाईला त्यानंतर गल्लीतील एकाही बारशाचे बोलावणे गेले नाही, तिच्या मुलीला हळदी-कुंकवाला कुणी हाक मारली नाही, आणि शेवटी ते कुटुंब शेत विकून निघून गेले. मुलगा बरा झाल्यावरही कुणी जाऊन ‘चुकले’ असे म्हटले नाही, माझ्या घरच्यांनीही नाही. एखाद्यावर करणीचा आळ घालून त्याचे जगणे कठीण करणे हा महाराष्ट्राच्या २०१३ च्या कायद्यात गुन्हा आहे, पण असा मोघम बोललेला शब्द पोलिसांपर्यंत जातच नाही. तो गल्लीतच राहतो.

प्रवासी तर दुसऱ्या दिवशी निघून जातो. म्हणून देवऋषीपुढे बसतानाच आपण स्पष्ट सांगावे: ‘अज्जा, कुणाचे नाव, दिशा, नाते मला नको. मला काय करायचे तेवढे सांगा.’ चांगल्या देवऋषीला हे ऐकून बरे वाटते. त्याच्यावरील ओझे कमी होते. जो तरीही बोट दाखवतो, त्याच्याकडील अंगारासुद्धा घेऊ नये.

दक्षिणा

जुन्या घरांत सव्वा रुपया, नारळ आणि शिधा यांवर भागत असे. आता ११, २१, ५१ किंवा १०१ रुपये विड्यावर ठेवून नमस्कार करतात, आणि ते पुरेसे आहे. त्याचा अर्धा दिवस आपल्यासाठी गेला असेल, तर गावातील मजुरीच्या हिशेबाने अधिक ठेवावे. देवाच्या नावाखाली गरीब माणसाला फुकट राबवणेही बरे नाही. परंतु काम सुरू झाल्यावर रक्कम वाढू लागली, सोने ‘शुद्ध करायला’ मागितले, पुरलेल्या धनाची गोष्ट निघाली, किंवा ‘हे केले नाही तर घरात मृत्यू होईल’ अशी भीती घातली, तर दिलेले पैसे सोडून द्यावेत आणि परतीची वाट धरावी.

झाडपाला दिला गेला, तर वनस्पतीचे नाव विचारून लिहून घ्यावे आणि शक्य असेल तर तिचे एक पान बरोबर न्यावे. जे पोटात घ्यायचे ते मधुमेह, रक्तदाब किंवा रक्त पातळ करण्याच्या गोळ्या चालू असणाऱ्यांनी आणि गरोदर स्त्रियांनी डॉक्टरांना दाखवल्याशिवाय घेऊ नये. ‘सांगितले तर गुण जातो’ असे म्हणून नाव लपवणाऱ्याचे औषध बाहेरून लावायलाही घेऊ नये. धोत्र्यासारखी विषारी झाडे आपल्या परसातही उगवतात.

परत आल्यावर

सांगितलेला उतारा करायचा असेल तर भाकरी, भात, लिंबू, पाने यांपुरता ठेवावा. प्लास्टिकची पिशवी, काच, टाचण्या तिकटीवर किंवा मलप्रभेच्या पाण्यात टाकू नयेत, तेथून दुसऱ्याची पोरे अनवाणी जातात आणि गुरे पाणी पितात. पुढचे काही आठवडे झोप, भूक, ताप असे जे दुखणे घेऊन गेलो होतो त्याची तारखेनिशी नोंद ठेवावी, म्हणजे गुण आला की नाही हे भक्तीच्या किंवा रागाच्या भरात न ठरवता पाहता येते. दुखणे वाढले तर ठरलेल्या मंगळवारची वाट न पाहता दवाखाना गाठावा.

आराम पडला असेल, तर पुन्हा एकदा जाऊन तसे सांगावे. या वेळी काही मागायचे नसते, रांगेत बसायचे नसते. घरच्या माणसांसाठी पाव किलो चहा, पोरांसाठी काहीतरी गोड आणि ओंजळभर तांदूळ न्यावेत. बहुतेक लोक दुखणे घेऊन येतात आणि बरे झाल्यावर फिरकत नाहीत, असे आजीचे अज्जा म्हणत. आजी मात्र ते असेपर्यंत वर्षातून एकदा, आषाढ लागण्याआधी, जात राहिली. तेव्हा दार उघडताच ते तिला जेवलीस का असे न विचारता सरळ पाट मांडून ताट वाढायला सांगत.